खटल्यात न मावलेलं



 वापी स्टेशनवर उतरून इकडे सिल्वासाची रिक्षा धरणारे पुष्कळ पाहुणे दारूबंदीच्या राज्यातून येतात आणि त्यांचं काम वेगळं असतं. गुन्ह्यांवरच्या माहितीपटांविषयी बोलायला एवढी माणसं आली म्हणून हॉटेलवाले जरा गोंधळलेत.

पण विषय आम्हाला परका नाही. १९५४ साली पोर्तुगीजांच्या हातून सुटलेल्या या प्रदेशाचं हायकोर्ट मुंबईचं. इथल्या वारली बाईचा खटला अपिलात गेला, की फोर्टातल्या इमारतीत तिची साक्ष कागदावरून वाचली जाते. पिंजऱ्यात ती बोललेली असते विचारलं तेवढंच, आणि कागदावर येतं त्याहून कमी.

नागपूरच्या कस्तुरबा नगरचं पाहा. गुंड अक्कू यादवच्या दहशतीत वस्तीने वर्षं काढली. तक्रार नेली तर पोलीस दाद देत नाहीत, असं बायका सांगत. १३ ऑगस्ट २००४ रोजी भर कोर्टात जमावाने त्याला मारलं. २०१४ साली आरोपी पुराव्याअभावी सुटले. खटला खुनाचा होता. बायकांनी त्याआधी काय सोसलं, याला त्यात जागा बेताचीच. ते त्यांच्या तोंडून घरोघर पोचलं २०२२ साली, उमेश कुलकर्णींनी (होय, ‘वळू’वालेच) नेटफ्लिक्ससाठी केलेल्या तीन भागांतून. मालिकेचं नाव मात्र ‘इंडियन प्रिडेटर’. बोलायचं बायकांनी आणि पाटी अक्कूची! मला हे खटकतं.

मुलीच्या खुनाचा आरोप असलेल्या इंद्राणी मुखर्जींवरची मालिका २०२४ मध्ये येणार होती, तेव्हा खटला चालू आहे म्हणून सीबीआयने स्थगिती मागितली. आपल्याच हायकोर्टाच्या न्यायमूर्तींनी ती आधी पाहिली, मग हरकत नाही म्हणाले. आरोपी बाईचं कथन आणि पीडितेचं कथन एकाच मापाने मोजायचं का, हे वक्त्यांनी सोडवावं. स्वागताध्यक्षाला तेवढी सूट असते.

अत्याचार सोसलेल्या बाईची ओळख द्यायची तर कायद्याने तिची लेखी परवानगी लागते. सही एकदाच होते. चित्रफीत तिची लेक कॉलेजात गेल्यावरही फिरत राहते. म्हणून दुपारी ज्या भगिनी बोलणार आहेत, त्यांच्या सत्रात मोबाइल बाहेरच्या टेबलावर ठेवायचे. कॅमेरा आमचा एकच. त्यांनी स्वतः पाहून ‘चालेल’ म्हटल्याशिवाय एकही मिनिट बाहेर जाणार नाही. पत्रकार मित्र रुसतील. त्यांच्यासाठी जेवणात नागलीची भाकरी आहे.