चेक परतला, दाद कोणत्या गावी?

श्रोतेहो, ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ असे आपले वाडवडील सांगत आले. पण ज्याला ती चढणे भागच पडते, त्याच्यापुढे एक प्रश्न आधी उभा राहतो: पायरी चढायची ती कोणत्या गावच्या कोर्टाची? चेक न वटता परत आला की हा प्रश्न किती बिकट होऊ शकतो, हे मी आमच्या रायपुरात जवळून पाहिले आहे.

आमच्या परिचयाचे एक निवृत्त शिक्षक. घराणे मूळचे नागपूरचे. दोन पिढ्यांपासून रायपूरवासी. नागपूरच्या वडिलोपार्जित घरातील आपला हिस्सा त्यांनी विकला. खरेदीदाराने नागपूरच्या बँकेवरचा चेक दिला. गुरुजींनी तो रायपूरच्या आपल्या खात्यात भरला आणि काही दिवसांतच तो ‘खात्यात पुरेशी रक्कम नाही’ असा शेरा घेऊन परत आला. हे २०१३ सालचे. त्यांनी रीतसर नोटीस दिली आणि रायपूरच्या न्यायालयात फिर्याद दाखल केली.

ती त्यांनी रायपुरात केली, हे तेव्हाच्या रीतीला धरूनच होते. चेक न वटणे हा गुन्हा ठरवणारे कलम १३८ हे १८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमात १९८८ च्या दुरुस्तीने आले व १ एप्रिल १९८९ पासून अमलात आले. खटला कोठे चालावा, याचा उल्लेख त्या कलमात नव्हता. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने भास्करन खटल्यात सांगितले की, या गुन्ह्याचे पाच घटक आहेत: चेक लिहून देणे, तो बँकेत सादर होणे, न वटता परत येणे, लेखी नोटीस देणे आणि त्यानंतर पंधरा दिवसांत पैसे न देणे. यांतील कोणताही घटक जेथे घडला, तेथे खटला चालू शकतो. फिर्यादीची मोठीच सोय झाली. मात्र सोयीचा दुरुपयोग करणारेही निघाले. ज्या गावाशी व्यवहाराचा सुतराम संबंध नाही, तेथून केवळ नोटीस धाडून आरोपीला शेकडो मैल ओढून आणता येऊ लागले.

मग एक खटला आपल्या विदर्भातूनच दिल्लीला पोहोचला. फिर्याद यवतमाळ जिल्ह्यातील दिग्रसला, तर चेक भंडाऱ्याच्या बँकेवरचा. दिग्रसच्या न्यायदंडाधिकाऱ्यांनी ‘हे आमचे अधिकारक्षेत्र नव्हे’ म्हणून फिर्याद परत केली. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तेच मत दिले. राठोड विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावाने गाजलेल्या या प्रकरणात १ ऑगस्ट २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी निर्णय दिला की, चेक ज्या बँकेवर काढला, त्या बँकेने तो नाकारताच गुन्हा पूर्ण होतो; म्हणून खटला त्या बँकेच्या गावीच चालावा. ज्या खटल्यांत आरोपी हजर होऊन साक्षीपुरावा सुरू झाला होता, तेवढे जागच्या जागी राहिले. बाकीच्या फिर्यादी परत करून, तीस दिवसांत योग्य न्यायालयात दाखल केल्यास त्या मुदतीत समजाव्यात, असे ठरले.

देशभर कागदांचे गठ्ठे हलू लागले. गुरुजींचा कागदही हलला. तेव्हा त्यांचे वय सत्तरीचे. रायपूर ते नागपूर सुमारे तीनशे किलोमीटर. पहाटे गाडी धरायची, तारीख घ्यायची आणि रात्री परतायचे. एकदा ते मला म्हणाले, “साहेब, पैसे कोणी बुडवले हे मला कोणी विचारीतच नाही. सगळे विचारतात, गाव कोणते?”

या एका वाक्यात सारा विषय आला. अधिकारक्षेत्राचा प्रश्न वरवर तांत्रिक दिसतो. प्रत्यक्षात तो प्रवासाचा, खर्चाचा आणि दमाचा प्रश्न असतो. दूरच्या गावची तारीख ज्याच्या वाट्याला येते, तो पुष्कळदा न्यायापूर्वीच थकतो.

अखेर शासनाने १५ जून २०१५ रोजी अध्यादेश काढला आणि त्याच वर्षी संसदेने त्या तारखेपासून लागू होणारी दुरुस्ती केली. आजचा नियम तोच आहे. चेक खात्यात भरला असेल, तर चेक घेणाऱ्याचे खाते बँकेच्या ज्या शाखेत आहे, तेथील न्यायालयात खटला चालतो. त्याने त्याच बँकेच्या दुसऱ्या गावच्या शाखेत चेक भरला, तरी तो खात्याच्या मूळ शाखेतच भरला असे कायदा मानतो; शाखा बदलून न्यायालय बदलता येत नाही. चेक खात्यात न भरता रोखीसाठी सादर केला असेल, तर मात्र तो देणाऱ्याच्या शाखेचे गाव धरावे लागते. प्रलंबित खटलेही याच नियमाने हलवावेत, असे ठरले. गुरुजींचा खटला, अर्थातच, पुन्हा रायपूरला आला! पुढे तडजोड होऊन रक्कम हप्त्यांनी मिळाली.

हा नियम न्याय्य आहे काय? मला तो न्याय्य वाटतो. ज्याचा शब्द खोटा ठरला, त्याने प्रवास करावा. ज्याने त्यावर विश्वास ठेवला, त्याने नव्हे. चेक देणाऱ्यालाही सरसकट वाऱ्यावर सोडलेले नाही. २०२३ साली एकाच व्यवहारातील चेकांचे खटले नागपूर आणि दिल्ली अशा दोन ठिकाणी चालू असता, सर्वोच्च न्यायालयाने ते दिल्लीत एकत्र केले आणि न्यायासाठी खटला हलवण्याचा आपला अधिकार अबाधित असल्याचे सांगितले.

तेव्हा श्रोतेहो, चेक परत आला तर बँकेचा शेरा मिळाल्यापासून तीस दिवसांत लेखी नोटीस द्या. ती पोचल्यावर पंधरा दिवस वाट पाहा. नंतर महिन्याच्या आत आपल्या खात्याच्या शाखेच्या गावी फिर्याद करा. आणि चेकवर सही करण्यासाठी लेखणी उचलाल, तेव्हा एवढे ध्यानात असू द्या की आपली सही आपल्या आधी दुसऱ्याच्या गावी जाते. ती तेथे खोटी ठरली, तर तिच्यामागून आपल्यालाही जावे लागते.