झोपेतली हालचाल : चिंता कधी, चिंतन कधी?
(गणेशोत्सवातील भाषणाचा सारांश)



मी डॉक्टर नाही, रेल्वेतला डिप्लोमा इंजिनिअर आहे. पण कुवेंपुनगरात आपली बरीच कुटुंबे बदलीने आलेली. रात्री बाळ उशीवर डोके आपटू लागले, तर विचारायला आजी जवळ नसते. म्हणून हा विषय.

झोप लागताना मूल ठेक्यात डोके आपटते, मान फिरवते किंवा अंग झुलवते. व्हिएन्नाचे डॉ. झापर्ट यांनी १९०५ साली याची नोंद केली. पुढच्या एका अभ्यासात ९ महिन्यांच्या ५९ टक्के बाळांत अशी हालचाल आढळली. ५ वर्षांच्या मुलांत फक्त ५ टक्के. आपण पाळणा हलवतो, ही मुले स्वतःच झुलतात, इतकेच. दृष्ट काढून किंवा रागावून उपयोग नाही. पलंग भिंतीपासून सरकवा, कठड्याचे स्क्रू आवळा. मात्र इजा होत असेल, बोलण्या-चालण्यात मूल मागे असेल, किंवा अंग ताठ होऊन झटके येत असतील, तर डॉक्टरांना दाखवा.

मोठ्यांचे वेगळे. संध्याकाळी पडल्यावर पायांत वळवळ होते, हलवले की बरे वाटते. स्वीडनच्या डॉ. एकबॉम यांनी १९४५ मध्ये याचे सविस्तर वर्णन केले. शरीरातला लोहाचा साठा कमी असणे हे त्याचे एक कारण. हिमोग्लोबिन ठीक असूनही साठा कमी असू शकतो, म्हणून फेरिटिनची तपासणी करतात. गोळ्या मात्र मनाने घेऊ नयेत.

पन्नाशीनंतर कोणी स्वप्नात ओरडू लागले, हातपाय झाडू लागले, तर हसण्यावारी नेऊ नका. स्वप्नाच्या झोपेत स्नायू सैल पडलेले असतात. ते बंधन सुटले की माणूस स्वप्न अंगाने जगतो. अमेरिकेत मिनेसोटाच्या डॉक्टरांनी १९८६ मध्ये हा विकार मांडला. पार्किन्सनची ती कित्येक वर्षे आधीची खूण ठरू शकते. मेंदूविकारतज्ज्ञांना भेटावे. बंगळुरूचे निम्हान्स आपल्याला दूर नाही.

अडचण एकच. झोपलेल्याला स्वतःचे काही कळत नाही. धावत्या गाडीचा तापलेला ॲक्सल चालकाला दिसत नाही. तो दिसतो स्टेशनवर उभे राहून गाडी न्याहाळणाऱ्याला. घरात ते काम शेजारी झोपणाऱ्याचे. किती वाजता, किती वेळ, कोणता अवयव, हे वहीत लिहा. मोबाईलवर चित्रण करा. डॉक्टरांना त्याचा मोठा आधार होतो. आणि लाजून लपवू नका.

विघ्नहर्ता सर्वांना शांत झोप देवो. गणपती बाप्पा मोरया!