कॅमेऱ्यामागची नोकरी
(पालक मेळाव्यातील भाषण)



मुलीने पुढे काय करावे, असे विचारले की आपल्याकडे डी.एड. नाहीतर नर्सिंग. आज मी सई परांजपे यांचे नाव घेतो. त्यांचे आजोबा रँग्लर परांजपे आपल्याच जिल्ह्यातल्या मुर्डीचे. सईताई प्रथम पुणे आकाशवाणीवर निवेदिका होत्या; १९६३ साली राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून पदवी घेऊन पुढे दिल्ली दूरदर्शनवर त्यांनी अनेक वर्षे निर्मिती-दिग्दर्शन केले. एका गावाच्या दारूविरोधी लढ्यावरील त्यांच्या 'चूडियाँ'ला राष्ट्रीय पारितोषिक मिळाले.

निर्माता म्हणजे पैसेवाला, असा आपला समज. दूरदर्शनचा निर्माता पगारदार! विषयाची चौकशी, परवानग्या, गाडी, हिशेब त्याच्याकडे. मग तासन्‌तासांचे चित्रण कापून मिनिटांवर आणायचे. येथे भाषा लागते, आणि निबंधाच्या तासालाच आपली मुले जांभया देतात.

मुलीने कॅमेऱ्यासमोर जाऊ नये, असे म्हणणाऱ्या पालकांशी मी वाद घालत नाही. हे काम कॅमेऱ्यामागचे आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दूरदर्शनचा विभाग आहे. दिग्दर्शनाला कोणत्याही शाखेची पदवी चालते, मात्र प्रवेश परीक्षा द्यावी लागते. अर्जासाठी मदत हवी असल्यास शाळा सुटल्यावर मला भेटावे.