मला कळलेल्या सई परांजपे
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



‘मला आवडलेली कर्तबगार स्त्री’ या विषयावर चार शब्द बोलण्याची मला आज्ञा झाली आहे. माझे शिक्षण सातवीपर्यंत. चुकले तर सांभाळून घ्यावे.

मी निवड केली आहे दिग्दर्शिका सई परांजपे यांची. १९३८ साली जन्मलेल्या सईताईंचे मुलांच्या गोष्टींचे पुस्तक त्या आठ वर्षांच्या असतानाच छापले गेले. पुढे पुणे आकाशवाणी, दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि मग दूरदर्शन. त्यांनी नाटके लिहिली, बालनाट्ये बसविली, ‘अडोस पडोस’सारख्या मालिका केल्या. ‘चष्मेबद्दूर’मध्ये (१९८१) दारोदार साबणाची पूड विकणारी मुलगी आहे, ‘कथा’मध्ये (१९८३) आपल्यासारख्यांची चाळ, तर ‘दिशा’मध्ये गाव सोडून मुंबईच्या गिरणीत आलेली माणसे. २००६ साली सरकारने त्यांना पद्मभूषण दिले.

परंतु मला त्या खऱ्या कळल्या ‘स्पर्श’ या १९८० सालच्या चित्रपटामुळे. त्यातले मुख्याध्यापक अंध आहेत. पाहुण्या बाई कॉफीच्या वेळी मदतीला हात पुढे करतात, तर ते रागावतात. मदत हवी, कीव नको, हे त्यांचे म्हणणे.

माझ्या सासूबाईंची दृष्टी काचबिंदूने गेली. तेव्हापासून मी त्यांना स्वयंपाकघरात पाऊल टाकू देत नसे. हातातला पेलासुद्धा काढून घेई. शेजारणी म्हणत, “सून किती करते हो!” मलाही ते गोड वाटे. सासूबाई मात्र दिवसेंदिवस अबोल होत चालल्या होत्या.

‘स्पर्श’ टीव्हीवर लागला तेव्हा आम्ही दोघी बसलो होतो. मी पाहिला, त्यांनी ऐकला. संपल्यावर त्या एवढेच म्हणाल्या, “ऐकलंस ना?” मला रात्रभर झोप लागली नाही.

दुसऱ्या दिवशी मी मेथीची जुडी त्यांच्यापुढे ठेवली. आता घरी कोणी आले, की चहा त्याच कपात ओततात. पहिल्या दिवशी थोडा ओट्यावर सांडला. माझा हात पुढे गेला होता. तो मी मागे घेतला. त्या दिवशी कितीतरी महिन्यांनी त्या मनमोकळ्या हसल्या.

भगिनींनो, पुरस्कार सरकार देते. आमच्या घरातले ते हसू मात्र सईताईंनी दिले.