रूढी सिद्ध कोणी करायची?

वर्षभरातल्या निकालांचा आढावा छापील अहवालात आहे, तो तिथेच वाचा. मला बोलायचं आहे ते डहाणू-तलासरीतल्या वारस नोंदींबद्दल आणि आपणा वकिलांच्या आळसाबद्दल.

इथल्या बऱ्याच दाव्यांचं मूळ 1 एप्रिल 1957च्या कृषक दिनाशी जाऊन पोचतं. 1945पासूनच्या वारली लढ्याने वेठबिगारी मोडली, पुढे या दिवशी कुळकायद्याने कसणाऱ्याला मालक केलं. पण त्या कायद्याची, किंमत ठरवायची 32-गची चौकशी थोरल्या भावाच्या नावाने झाली, 32-मचं खरेदी प्रमाणपत्रही त्याच्याच नावाने निघालं. सातबाऱ्यावर त्याच्या नावामागे कुठे 'ए.कु.पु.', म्हणजे एकत्र कुटुंब पुढारी, लागलं, कुठे तेही नाही. तो वारल्यावर फेरफाराने त्याचीच मुलं चढली. धाकट्याची नातवंडं आजही त्याच खाचरात आवणी करतात, कागदावर मात्र ती कोणीच नाहीत. हे वर्षानुवर्षं खपून जातं. मग बुलेट ट्रेनचा नाहीतर मुंबई-वडोदरा महामार्गाचा मोबदला येतो आणि हरकतींचा ढीग पडतो. धाकट्या पातीसाठी आपण हिरिरीने भांडतो: फेरफाराने मालकी मिळत नाही, कसवणूक एकत्र होती. बरोबरच आहे. बहीण दारात आली की हाच युक्तिवाद आपण गुंडाळून ठेवतो.

तिच्यासाठी आपल्याकडे एकच पाठ केलेलं वाक्य असतं: आदिवासींना हिंदू वारसा कायदा लागू नाही. 1956च्या कायद्याचं कलम 2(2) एवढंच सांगतं. मुलीला वाटा नाही, असं त्यात कुठेही नाही. रूढीचा आधार घेणाऱ्याने ती जुनी, निश्चित आणि अखंड पाळलेली असल्याचं सिद्ध करायचं असतं, हे आपण पहिल्या वर्षाला शिकलो. वारली, धोडिया, कोकणा, दुबळा या सगळ्यांची रूढी एकच, हे कोणी तपासलं? घरजावई जिथे जमीन कसतो, तिथे ती काय म्हणते? रामचरण विरुद्ध सुखराम या 2025च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नेमकं इथेच बोट ठेवलं. छत्तीसगडच्या गोंड कुटुंबातल्या बाईच्या वारसांकडे खालची न्यायालयं वाटा देणाऱ्या रूढीचा पुरावा मागत बसली होती. वाटा नाकारणारी रूढी तरी कुठे सिद्ध झाली, असं विचारून न्यायालयाने त्यांना समान वाटा दिला. त्याच वर्षी हिमाचलच्या प्रकरणात हिंदू वारसा कायदा आदिवासींना लावण्याचे उच्च न्यायालयाचे निर्देश सर्वोच्च न्यायालयात रद्द झाले. आपल्यातले काही जण म्हणतात, हे निकाल एकमेकांना छेद देतात. देत नाहीत. पहिल्यानेही तो कायदा लावलेला नाही, न्याय, समता आणि सद्सद्विवेक यांवर आणि घटनेच्या कलम 14वर तो निकाल उभा आहे.

मोठा आक्षेप असा, की मुलीच्या मागून जमीन बिगरआदिवासी जावयाकडे जाईल. विक्रीपुरतं म्हणाल तर महसूल संहितेचं कलम 36-अ शासनाच्या पूर्वमान्यतेने दिलेल्या जिल्हाधिकाऱ्यांच्या मंजुरीशिवाय ती होऊ देत नाही. पुढच्या पिढीच्या वारशाचा प्रश्न उरतो, तो खराच आहे. पण त्या भीतीपोटी शेजारच्या पाड्यात, आपल्याच जमातीत दिलेल्या मुलीलाही वगळायचं, हे कुठलं तर्कशास्त्र? तुकडे पडतील म्हणावं, तर चार भावांत पडताना कोणी तोंड उघडत नाही. शिवाय 2006च्या वनहक्क कायद्याने पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावे दिला. म्हणजे एकाच घरात वनपट्ट्यावर सुनेचं नाव आहे, आणि मालकीच्या सातबाऱ्यावर लेकीचं नाही. पट्ट्यावरच्या बाईच्या नावाने कुठल्या पाड्याची रूढी बुडाली?

'जिवंत सातबारा' मोहिमेत 2025मध्ये मयत खातेदारांचे वारस लावायला घेतले गेले. अशा प्रत्येक अर्जात सगळ्या मुलींची नावं आलीच पाहिजेत. तिला हक्क सोडायचाच असेल तर नंतर रीतसर नोंदणीकृत हक्कसोडपत्र होऊ द्या, तेही तिला तिच्या बोलीत वाचून दाखवून. रूढी आहे असं ज्याचं म्हणणं, त्याने दिवाणी न्यायालयात पुरावा द्यावा. आपणही पाड्यापाड्यांतल्या रूढी लिहून काढायला हव्यात. त्यासाठी एक मंडळ नेमावं म्हणतो. पैसा कुठून, माणसं कोण, ते पुढे पाहू. पहिलं गाव डहाणूचं घ्यायचं की तलासरीचं, एवढं तरी जेवायच्या सुट्टीत ठरवून टाकू.