फुकटचा सिनेमा आणि गटाची बचत

आज बोलायचंय सिनेमाबद्दल, पण सुरुवात आमच्या गटाच्या पैशांपासून करते.

आमच्या बचत गटात आम्ही १२ जणी. महिन्याला प्रत्येकीचे २०० रुपये. कोषाध्यक्ष मी. हळद काढणीचे दिवस होते, बँकेत जायला सवड नव्हती. बायांनी फोनवरूनच माझ्या खात्यात पैसे टाकले आणि दोन महिन्यांचे ४,८०० रुपये तिथंच राहिले. ही माझी चूक.

एका संध्याकाळी फोन लेकाच्या हातात होता. त्याला नवा सिनेमा फुकट बघायचा होता. मित्रानं लिंक पाठवली. ती उघडली तर आधी ॲप घ्या म्हणे. ॲपनं विचारलं, मेसेज वाचू का? पोरानं ‘होय’ दाबलं. मग म्हणे, फक्त १ रुपया भरा. त्यानं माझ्या एटीएम कार्डाचा नंबर आणि मागचे तीन आकडे टाकले. सिनेमा काही लागला नाही, पण खातं रिकामं झालं. ओटीपी आला होता, तो त्या ॲपनं परस्पर वाचला.

मला कळलं दुसऱ्या दिवशी दुपारी. १९३० वर तक्रार केली, पण उशीर झाला होता. पैसे अजून आलेले नाहीत. गटाची भरपाई मी हळदीच्या मजुरीतून केली. बैठकीत सांगताना मान वर होईना.

मैत्रिणींनो, या वेबसाइट सिनेमा फुकट का देतात? पुण्य म्हणून नाही. जुगाराच्या आणि फसव्या जाहिरातींवर त्या कमावतात. काही तर आपली माहितीच चोरतात. सरकारनं एक बंद केली की नाव बदलून दुसरी उभी राहते.

बैठकीत एकीनं विचारलं, ‘ताई, आपण फुकट बघितला तर त्या नट-नट्यांचं काय कमी होणार हाय?’ प्रश्न बरोबर आहे. ‘सैराट’ आठवा. २९ एप्रिल २०१६ ला आला. थिएटरात गर्दी असतानाच त्याची चोरटी प्रत गावोगाव मोबाइलवर फिरली. तरी तो सिनेमा तरला, कारण लोकांनी तिकीट काढूनही पाहिला. पण लहान मराठी सिनेमाला थिएटरात एखादा आठवडाच मिळतो. तेवढ्यात चोरटी प्रत फिरली तर लावलेला पैसा बुडतो. मग लाइट लावणारा, कपडे शिवणारी, मागं नाचणारी पोरगी, यांना पुढचं काम कोण देणार? हळद आपण काढायची, शिजवायची, वाळवायची आणि रात्रीतून कुणी पोती उचलून न्यायची, तसंच हे.

कायदाही ऐका. २०२३ साली सिनेमाचा कायदा कडक झाला. थिएटरात चोरून सिनेमा टिपला किंवा पसरवला, तर ३ महिने ते ३ वर्षं कैद आणि कमीत कमी ३ लाख रुपये दंड. मेमरी कार्डात चोरटे सिनेमे भरून विकणं हाही गुन्हाच. पोरांना हे घरातच सांगा, पोलिसांनी सांगायची वेळ येऊ देऊ नका.

मग सिनेमा बघायचाच नाही का? बघा की! टीव्हीवर लागतो. कंपन्या स्वतःच्या यूट्यूब चॅनलवर कितीतरी जुने सिनेमे टाकतात. आणि वर्षातून एकदा गटानं मिळून तिकीट काढून जा, त्याची मजा न्यारी.

एवढं मात्र पाळा. लिंकवरून आलेलं ॲप घेऊ नका. सिनेमासाठी मेसेज वाचायची परवानगी कुणी मागितली, तर ‘नाही’ दाबा. एटीएम कार्ड पोरांच्या हाती लागू देऊ नका. गटाचा पैसा त्याच आठवड्यात गटाच्या खात्यात भरा. आणि पैसे गेलेच, तर लाजत बसू नका. त्याच घडीला १९३० लावा, बँकेला कळवा. जितकं लवकर कळवाल, तितकी पैसे अडवण्याची आशा जास्त.

मी एक रात्र उशीर केला. तुम्ही करू नका.