महाविद्यालयाच्या दारातील पोलीस



महाविद्यालयात तंटा उभा राहिला की संस्थाचालक पोलीस बंदोबस्त मागतात आणि विद्यार्थी संघटना त्याला दडपशाही म्हणतात. अखेर दोन्ही पक्ष न्यायालयाची पायरी चढतात. अशा वेळी पोलिसांनी कोठवर यावे आणि न्यायालयाने काय करावे, याचा विचार आज आपल्याला करायचा आहे.

या प्रश्नाचा दीर्घ अनुभव केरळने घेतला आहे. महाविद्यालयाच्या आवारात राजकीय कार्यक्रमांना बंदी घालण्याचा अधिकार संस्थेला आहे, असा निर्णय केरळ उच्च न्यायालयाने २००३ मध्ये दिला. पुढे पोलीस संरक्षण मागणाऱ्या अनेक शिक्षणसंस्थांच्या याचिकांवर त्याच न्यायालयाने २६ फेब्रुवारी २०२० रोजी निकाल दिला. वर्ग बंद पाडणारे संप, धरणे आणि घेराव यांना त्याने मनाई केली. कोणी वर्गात बसू इच्छित असेल, तर त्याला बाहेर ओढण्याचा अधिकार कोणालाही नाही, हे या निकालाचे सार आहे. शांततापूर्ण चर्चेचे दार मात्र त्याने बंद केले नाही.

मित्रहो, ही मागणी उगाच पुढे आलेली नाही. १९९६ मध्ये परुमला येथील महाविद्यालयात हाणामारी झाली आणि जीव वाचवण्यासाठी पंपा नदीत उतरलेले विद्यार्थी परिषदेचे तीन कार्यकर्ते बुडून मृत्युमुखी पडले. २०१८ मध्ये एर्नाकुलमच्या महाराजा महाविद्यालयात डाव्या विद्यार्थी संघटनेच्या एका तरुणाला भोसकून मारण्यात आले. त्या तिघांच्या स्मृतीने आपले मन जसे कातर होते, तसेच ते या चौथ्या मुलाच्या आईसाठीही झाले पाहिजे. मृत विद्यार्थ्याचा झेंडा पाहून ज्याची करुणा ठरते, त्याने न्यायाची भाषा बोलू नये.

म्हणून पोलीस हवेत, पण केव्हा? रॅगिंगविषयीच्या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने याचे उत्तर दिले आहे. विद्यार्थ्यांची बेशिस्त प्रथम संस्थेनेच हाताळावी. अटळ असल्याखेरीज विद्यार्थ्याला पोलिसी कारवाईला सामोरे जावे लागू नये. याची दुसरी बाजू लिंगडोह समितीने मांडली. केरळमधील छात्रसंघ निवडणुकांच्या वादातूनच ही समिती नेमली गेली आणि तिच्या शिफारशी २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने देशभर लागू केल्या. उमेदवाराचा खर्च ५,००० रुपयांपेक्षा अधिक नसावा, त्याची उपस्थिती किमान ७५ टक्के असावी, छापील भित्तिपत्रके नसावीत, तक्रार निवारणासाठी संस्थेतच कक्ष असावा, अशी ती बंधने आहेत. याच शिफारशींत आणखी एक कलम आहे: फौजदारी गुन्हा घडल्यास संस्थेने १२ तासांच्या आत पोलिसांना कळवलेच पाहिजे.

ही दोन सूत्रे एकत्र वाचा. मतभेद, घोषणा, रुसवेफुगवे हे प्राचार्यांचे आणि अध्यापकांचे क्षेत्र आहे. तेथे पोलीस बोलावणे हा शिक्षकाने आपल्या अधिकाराचा केलेला त्याग होय. याउलट, हात उगारला गेला, शस्त्र निघाले, की 'संस्थेची बदनामी नको' म्हणून प्रकरण दडपणे हा गुन्हेगाराला दिलेला आश्रय होय. आपल्याकडे बहुधा उलटेच घडते. घोषणेला पोलीस येतात आणि मारहाणीवर पडदा पडतो.

केवळ बंदी हाही उपाय नव्हे. महाराष्ट्रात १९९४ च्या विद्यापीठ कायद्याने थेट निवडणुका थांबवून गुणवत्तेवर प्रतिनिधी नेमण्याची रीत आणली. २०१६ च्या कायद्याने निवडणुकीची तरतूद पुन्हा केली. ज्याला अठराव्या वर्षी आपण देशाचे सरकार निवडण्यास पात्र मानतो, त्याला आपला वर्गप्रतिनिधी निवडण्याचे शिक्षण कोठेतरी मिळायलाच हवे.

कार्यकर्त्यांना अखेरीस एकच सांगतो. नियम दुसऱ्याच्या संघटनेसाठी आणि सवलत आपल्यासाठी, असा विचार मनात येऊ देऊ नका. आपल्यातील कोणी हात उगारला, तर त्याला पाठीशी न घालता स्वतः प्राचार्यांपुढे उभे करा. पालकांनीही मुलगा दोषी असता ओळखीने सुटका शोधू नये. न्यायालय आदेश देऊ शकते, पोलीस दार राखू शकतात. परंतु दाराच्या आतील संयम घराने आणि संघटनेनेच द्यायचा असतो.